प्लॅनर कशाला? मामा आहेत ना!

वेडिंग प्लॅनर म्हणजे पैसे घेऊन आपल्याच नातेवाइकांना कामे सांगणारा माणूस. फुकटात कामे सांगणारे तर आपल्याकडे घरटी चार सापडतात. करणारे कमी असतील, पण तो तपशील झाला. तेव्हा हा खर्च आधी उडवा. गोव्यात फोंडा तालुक्यातल्या एखाद्या देवस्थानाचा हॉल मिळाला आणि भटजींनी मुहूर्त काढून दिला की लग्न झाल्यातच जमा. राहिले किरकोळ.

सह्यांचे काम सर्वांत शेवटी ठेवा. गोव्यात पोर्तुगीज काळापासून कायद्याच्या लेखी लग्न लागते ते सिव्हिल रजिस्ट्रारच्या कचेरीत. आधी जन्मदाखले वगैरे घेऊन इरादा नोंदवायचा, मग साधारण पंधरवड्याने साक्षीदारांसह जाऊन दुसरी सही करायची. एवढी सवड कोणाला आहे? हळदीच्या आदल्या दिवशी जा. मुलाचे नाव जन्मदाखल्यावर एक आणि आधार कार्डावर दुसरे, हे तिथे कळले म्हणजे घरी आठवडाभर बोलायला विषय मिळतो. नवराबायकोच्या मालमत्तेचा वेगळा करार हवा असेल तर तो लग्नाआधीच करावा लागतो, नाहीतर इथल्या कायद्याने सगळे सामाईक. हा विषय मात्र सीमांतपूजनाला दोन्ही विहिणी शेजारी बसल्या की मगच काढावा.

वेळापत्रकात मुहूर्त तेवढा लिहा: १२ वाजून २० मिनिटे. तिथून उलटे मोजत जाण्याचा वेडेपणा करू नका. पुण्याहवाचन आणि देवक यांना तास-दीड तास, मुलीची साडी, केस आणि मेकअप यांना दोन तास, फोटोग्राफरला ‘फक्त दहा मिनिटे’ म्हणून अर्धा तास; असे मोजत गेलात तर मेकअपवालीला सकाळी सव्वाआठलाच बोलवावे लागेल. त्या दिवशी तिच्याकडे आणखी दोन नवऱ्या असतात हेही तिला विचारू नका. सगळ्यांना सरसकट ‘सकाळी आठ’ सांगून मोकळे व्हा. फुलवाला आठला येईल, हॉलची किल्ली ज्यांच्याकडे आहे ते काका नवाला.

पाहुण्यांना आणायला एक मिनीबस पुरे. फोंड्याला रेल्वे स्टेशन नाही, तेव्हा कोणी मडगावला उतरेल, कोणी करमळीला, कोणी थिवीला. विमानाने येणाऱ्यांना ‘गोवा एअरपोर्ट’ एवढेच कळवा. २०२३ च्या जानेवारीपासून जुन्या दाबोळी विमानतळाशिवाय मोपालाही विमाने उतरतात ही गोष्ट ग्रुपवर टाकण्यासारखी नाही. बस दाबोळीला उभी, आत्या मोपाला उभ्या, मधे सबंध उत्तर गोवा. तिकिटावर जीओआय असेल तर दाबोळी आणि जीओएक्स असेल तर मोपा, हे एकदाच पाहून कागदावर उतरवणारा माणूस घरात निघालाच तर त्याला ताबडतोब तोरणे बांधायला पाठवा.

भटजी साहित्याची यादी देतील. ती तिघांना वाटून द्या. त्याने नारळ तिप्पट येतात आणि काडेपेटी कोणीच आणत नाही. ऐन वेळी न सापडणाऱ्या वस्तू ठरलेल्या असतात: काडेपेटी, कात्री, सुरी, सेफ्टी पिना, सुटी नाणी आणि अंतरपाट. या सहा वस्तू एका डब्यात घालून तो डबा चौरंगाखाली ठेवला तर काम दोन रुपयांत भागते, म्हणूनच कोणी करत नाही. हार आदल्या रात्री फ्रीझरमध्ये ठेवा. जाईच्या कळ्या सकाळी तपकिरी निघतात, साडीच्या काठाला मॅच होतील. अबोलीच्या फाती (गजरे) केळीच्या पानात गुंडाळून, वर ओले फडके घालून ठेवणाऱ्या म्हातारीला ‘तुम्ही आराम करा’ म्हणावे.

हॉल एसी असेल तर होमाबद्दल हॉलवाल्याला काही विचारू नका. लाजाहोमाला खिडक्या बंद, गोवऱ्या दमट, वर धुराचा अलार्म. हॉल बिनएसीचा असेल तर डोक्यावरचा पंखा पुऱ्या वेगात ठेवा. अग्नी भटजींकडे झुकतो आणि मंत्र आपोआप भराभर होतात.

आता जेवण. इथे खरी मजा आहे, कारण इथे गणित आहे आणि गणित कोणी करत नाही. समजा ६०० माणसे आणि पंगत १२० पानांची. वाढणे, जेवणे, पाने उचलणे, टेबले पुसणे मिळून एका पंगतीला चाळीसेक मिनिटे लागतात. म्हणजे पाच पंगती, सुमारे साडेतीन तास. अक्षता पडून पाऊण वाजता पहिली पंगत बसली तर शेवटची बसेल साडेतीनला, आणि त्या पंगतीत कोण असते? सकाळपासून राबणारी घरची माणसे. त्यांना उपासाची सवय व्हावी म्हणून नाश्ताही पाहुण्यांपुरताच सांगा.

आकडा केटररला एकट्याने सांगू नये. मुलीच्या वडिलांनी ५०० सांगावा, मामांनी ६५० आणि काकींनी ‘थोडे जास्तच धरा’. शंभर माणसांना आठ ते दहा किलो तांदूळ लागतो, हे केटररला तुमच्यापेक्षा चांगले ठाऊक असते. पण ‘थोडे जास्त’ म्हणजे किती किलो हे त्याला कोणत्याच शाळेत शिकवलेले नसते. बिल पानावर असते. सुरुवातीला किती पाने आणली आणि शेवटी किती उरली, एवढे मोजायला एक शाळकरी पोर पुरते. बसवू नका. संध्याकाळी ७४२ हा आकडा ऐकताना जो आनंद होतो त्याला तोड नाही.

सोलकढी सकाळी सातलाच पूर्ण करून ठेवा. ग्लास दीडशे मिलीचा धरला तरी ६०० जणांना ९० लिटर होते, एवढे काम उशिरावर टाकून कसे चालेल? नारळाचे दूध मे महिन्याच्या उकाड्यात दुपारपर्यंत आंबते खरे. कोकमाचे आगळ वेगळे आणि दूध बर्फावर ठेवून पंगतीपंगतीला मिसळणारे आचारी मागासलेले असतात. खतखत्यात, म्हणजे मिश्र भाज्यांच्या रशात, तेफळ (तिरफळ) अख्खे असते, ते बाजूला काढायचे असते हे पुण्याच्या पाहुण्यांना सांगू नका. त्यांची पंगत लवकर उठते. ‘गोव्यातले लग्न’ म्हणून मासळीच्या आशेने आलेल्यांना देवस्थानात कांदालसूणही नसतो, हे पान वाढल्यावरच कळू दे.

पैशांची सूत्रे नवरदेवाच्या हाती ठेवा. केटरर, मंडपवाला, फुलवाला, बसचा ड्रायव्हर, सगळ्यांना त्याचाच नंबर द्या. सोवळ्याला खिसा नसतो, म्हणून मोबाइल पाटाखाली ठेवावा. सप्तपदीच्या चौथ्या पावलाला पाट थरथरतो: गॅस संपला, दुसरा सिलिंडर कुठे आहे? मुंडावळ्यांआडचा चेहरा मोबाइलला ओळखू येत नाही, ओल्या बोटाचा ठसा लागत नाही, आणि लागला तर यूपीआयची दिवसाची लाखाची मर्यादा सकाळीच संपलेली असते. फोटोत ज्याची कुणाला गरज नाही अशा एखाद्या भावोजींना एक फोन, सगळ्या किल्ल्या आणि रोख पाकिटे देऊन दिवसभर मोकळे ठेवता येते. पण मग बाकीचे जावई रुसतात.

संध्याकाळी स्वागत समारंभ. स्टेजवर चढणे, पाकीट, हसणे, फोटो: माणशी अर्धा मिनिट. चारशे जणांना तीन तास वीस मिनिटे. साडेसातला सुरू केले तर अकराला दहा कमी असताना आटपेल, आणि दहा वाजता लाउडस्पीकर बंद करावा लागतो. म्हणून नाच दहानंतरच ठेवा. पोलीसही लग्नाला आले पाहिजेत.

आहेराची पिशवी कोणा एकाकडे देऊ नये, संशय घेतल्यासारखे दिसते. ती स्टेजवरच्या सोफ्यामागे असू दे. पाकीट हाती पडताच मागे नाव लिहायला वहिनींना पेन देऊन बसवणे हा तर निव्वळ हिशेबीपणा. रात्री उघडल्यावर ५०१ रुपयांची तीन पाकिटे निनावी निघतील आणि त्यांतले एक ज्यांचे, त्यांच्या धाकट्याचे लग्न डिसेंबरात असेल.