‘एन्क्रिप्शन केलंय, मग अडचण काय?’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

मागच्या लेखाखाली तुम्ही वेळ काढून सविस्तर लिहिलंत, म्हणून उत्तरही सविस्तर देते. बाकीच्या वाचकांसाठी आधी तुमचं म्हणणं थोडक्यात : तुम्ही पॅथॉलॉजी लॅबसाठी सॉफ्टवेअर करता. मी फिनलंडच्या वास्तामो डेटाचोरी प्रकरणाचं उदाहरण दिलं होतं, पण तिथे एन्क्रिप्शनच, म्हणजे किल्लीशिवाय वाचता येणार नाही असा मजकूर करून ठेवणंच, नव्हतं, त्यामुळे ते उदाहरण उलट तुमच्याच बाजूचं आहे. तुम्ही तपासण्यांचे निकाल मायएसक्यूएल या डेटाबेसच्या एईएस एन्क्रिप्ट फंक्शनमधून (एईएस ही एन्क्रिप्शनची एक प्रचलित पद्धत) काढून मगच साठवता, तेवढं पुरेसं आहे. प्रत्येकाला वेगळं लॉगिन आणि कोणी काय उघडलं याची नोंद, हे मी सुचवलेलं म्हणजे दहा-दहा वर्षं घरच्यासारखं काम करणाऱ्या माणसांवर संशय घेणं. आणि शेवटी, ‘मॅडम, एन्क्रिप्शनने वेगावर फरक पडत नाही असं लिहिता, एकदा सकाळी आठला लॅबच्या काउंटरवर बसून बघा.’

शेवटच्या मुद्द्यापासून सुरू करते, कारण तिथे मी चुकले. आजच्या प्रोसेसरवर एईएसची आकडेमोड जलद होते, एवढाच विचार करून मी ते वाक्य लिहिलं. शोधाचा विचारच केला नाही. काउंटरवरची मुलगी ‘कुलक’ एवढंच टाइप करते आणि तिला सगळ्या कुलकर्ण्यांची यादी हवी असते. नाव एन्क्रिप्ट केलेलं असेल तर इंडेक्स, म्हणजे शोध झटपट व्हावा म्हणून डेटाबेसने ठेवलेली सूची, कामाचा राहत नाही, एकेक ओळ उलगडून बघावी लागते आणि समोर उपाशीपोटी आलेल्या पेशंटची रांग वाढत जाते. लेखातलं ते वाक्य काढलं आहे. माझं आताचं मत : नाव तसंच राहू द्या, निकाल एन्क्रिप्ट करा. मोबाईल नंबरही झाकायचा असेल तर गुप्त किल्ली घालून त्याचा हॅश, म्हणजे उलट फिरवता न येणारा ठसा, काढा, ज्याला एचमॅक म्हणतात, आणि तो शेजारच्या कॉलममध्ये ठेवा. पूर्ण नंबर टाकून शोध चालेल, अर्धवट टाकून चालणार नाही. काउंटरला तेवढं पुरतं.

आता वास्तामो. मानसोपचार केंद्रांची ती साखळी होती. २०२० मध्ये खंडणीखोराने कंपनीकडे ४० बिटकॉइन मागितले, आणि तिथे डाळ शिजेना तेव्हा रुग्णांनाच ईमेल पाठवले : २०० युरो द्या, २४ तासांत दिले नाहीत तर ५००. सुमारे ३३ हजार लोकांच्या नोंदी त्याच्या हातात होत्या. थेरपिस्टच्या खोलीत दार लावून माणसं जे बोलली, ते. पुढच्याच वर्षी कंपनीचं दिवाळं निघालं आणि तिथल्या डेटा संरक्षण लोकपालांच्या कार्यालयाने ६ लाख ८ हजार युरोंचा दंड ठोठावला.

नोंदी एन्क्रिप्ट नव्हत्या हे तुमचं म्हणणं खरं आहे. पण चोर आत कसा आला ते बघा. मायएसक्यूएलचा पोर्ट, म्हणजे बाहेरून जोडणी घेण्याचं दार, जवळजवळ सव्वा वर्ष इंटरनेटवर उघडा होता आणि सर्वाधिकार असलेल्या रूट खात्याला पासवर्डच नव्हता. समजा, त्यांनी आज अनेक ठिकाणी चालू करतात तसं टेबलस्पेसचं, म्हणजे डेटाबेसच्या डिस्कवरच्या फायलींचं, एन्क्रिप्शन केलं असतं. काय फरक पडला असता? डिस्कवरच्या फायली बंदिस्त राहिल्या असत्या, पण रूट म्हणून आलेल्याने ‘सिलेक्ट’ ही डेटा मागण्याची आज्ञा दिल्याबरोबर सर्व्हरने स्वतःच किल्ली लावून सगळं वाचून दाखवलं असतं, कारण त्याचं ते कामच आहे. कोणी डिस्क उचलून नेली तर हे एन्क्रिप्शन वाचवतं. लॉगिन करून आलेल्याला ते अडवत नाही. वास्तामोत कोणी डिस्क उचलून नेली नव्हती.

त्या नोंदी सुरक्षित राहिल्या असत्या त्या वेगळ्या कारणाने : एन्क्रिप्शन ॲप्लिकेशनमध्ये झालं असतं आणि किल्ली डेटाबेसच्या मशीनवर नसतीच तर. म्हणजे किल्ली कुठे आहे आणि ती कोणाच्या सांगण्यावरून फिरते, हे ठरवल्याशिवाय ‘एन्क्रिप्टेड आहे’ या वाक्यातून मला काहीच कळत नाही. मागच्या लेखात मला हेच म्हणायचं होतं, पण ते नीट उतरलं नाही.

तुमचं एईएस एन्क्रिप्ट फंक्शन याच कसोटीवर बघू. ते वापरताना किल्ली क्वेरीतच, म्हणजे सर्व्हरला पाठवलेल्या आज्ञेतच, जाते. सर्व्हरचा जनरल लॉग, म्हणजे आलेल्या प्रत्येक आज्ञेची नोंदवही, कधी काही शोधण्यासाठी चालू केलात, तर किल्ली त्यात साध्या अक्षरांत दिसू शकते. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे सेटिंग बदललं नसेल तर मायएसक्यूएल हे फंक्शन ईसीबी पद्धतीने चालवतं. तीच किल्ली आणि तोच मजकूर दिला की प्रत्येक वेळी तंतोतंत तोच परिणाम. तुमच्या एचआयव्ही तपासणीच्या कॉलममध्ये मुख्यतः दोनच शब्द असतात. त्या कॉलमवर एकसारख्या नोंदी एकत्र करणारं ‘ग्रुप बाय’ लावून मोजणी घ्या. दहा हजार नोंदींमधून दोन ओळी येतील : एका अगम्य अक्षरमाळेपुढे हजारोंचा आकडा, दुसरीपुढे काही डझनांचा. यातली पॉझिटिव्ह कोणती, हे सांगायला किल्ली लागते का? आणि शेजारच्याच कॉलममध्ये नाव आहे.

अडोबी या सॉफ्टवेअर कंपनीचं २०१३ मध्ये हेच झालं. पासवर्ड एन्क्रिप्ट केलेले होते, पण सगळे एकाच किल्लीने आणि ईसीबी पद्धतीनेच. शिवाय पासवर्ड आठवावा म्हणून लोकांनी लिहिलेल्या खुणा उघड्या होत्या. किल्ली हाती न लागताच अभ्यासकांनी एकसारख्या अक्षरमाळा मोजल्या, शेजारच्या खुणा वाचल्या आणि सर्वाधिक वापरलेल्या पासवर्डांची यादी काढली. ‘१२३४५६’ हा एकच पासवर्ड सुमारे १९ लाख खात्यांवर होता.

तुमच्यासाठी दुरुस्ती फार अवघड नाही. एन्क्रिप्शन ॲप्लिकेशनमध्ये आणा, एईएसचीच जीसीएम पद्धत वापरा आणि प्रत्येक नोंदीला नवा नॉन्स, म्हणजे एकदाच वापरायचा आकडा, द्या. मग ‘पॉझिटिव्ह’ हा शब्द शंभर वेळा साठवला तरी शंभर वेगवेगळ्या अक्षरमाळा दिसतील. निकालाच्या कॉलमसाठी वर सांगितलेला हॅश मात्र करू नका, नाहीतर तीच मोजणी त्या हॅशवर करता येईल.

एचआयव्हीचं उदाहरण मुद्दाम घेतलं. २०१७ चा एचआयव्ही-एड्स कायदा २०१८ पासून लागू आहे आणि अशा नोंदी ठेवणाऱ्या प्रत्येक संस्थेवर त्यांच्या संरक्षणाची जबाबदारी तो टाकतो. छोटी लॅब असली तरी सुटका नाही. २०२३ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात तर सुरक्षेत हयगय केल्यास २५० कोटी रुपयांपर्यंत दंडाची तरतूद आहे. पण दंडाची भीती बाजूला ठेवू. तालुक्याच्या गावात असा एक निकाल बाहेर फुटला तर त्या माणसाचं काय होतं, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत असेल.

आता माणसांवरचा संशय. हा मुद्दा मला मनापासून महत्त्वाचा वाटतो, कारण याचा उलटा परिणाम मी पाहिला आहे. एका रुग्णालयात मी डेटाबेसच्या कामासाठी जात असे. चौघं टेक्निशियन ‘लॅब’ या एकाच लॉगिनवर काम करत. एका पेशंटचा रिपोर्ट व्हॉट्सॲपवर फिरला. कोणी उघडला होता, हे सांगणारी एकही नोंद नव्हती. सगळ्यांत नव्या पोराकडे बोटं गेली आणि महिन्याभरात त्याने नोकरी सोडली. त्याने केलं की नाही, मला आजही माहीत नाही. ते सिद्ध करायला त्याच्याकडे काहीच नव्हतं, हे मात्र माहीत आहे. बँकेत तिजोरीच्या दोन किल्ल्या दोघांकडे असतात, कॅशियर रोज संध्याकाळी रोकड जुळवून देतो. त्यात त्यांना अपमान वाटत नाही, उद्या पैसे कमी भरले तर तीच जुळवणी त्यांच्या बाजूने उभी राहते. तुमच्या दहा वर्षांच्या माणसांनाही तेवढा आधार द्या. चार वेगळी लॉगिनं करायला पैसे पडत नाहीत. काउंटरच्या खात्याला निकालाचा कॉलम दिसू नये, यासाठीही मायएसक्यूएलमध्ये परवानगी ठरवणारी एक ‘ग्रँट’ आज्ञा पुरते.

त्याच रुग्णालयातली आणखी एक गोष्ट सांगते. तिथे डिस्क एन्क्रिप्टेड होती आणि सगळे निर्धास्त होते. एकदा बिलिंगच्या टेबलावरच्या कॉम्प्युटरवर, डेस्कटॉपवरच, मला एक भलीमोठी एसक्यूएल फाइल दिसली. रात्रीचा डंप, म्हणजे सगळ्या डेटाबेसची एका फायलीत काढलेली प्रत. कोणीतरी पेनड्राइव्हवर घेण्यासाठी तिथे ठेवला होता. मायएसक्यूएल डंप हा प्रोग्रॅम सर्व्हरकडून उलगडलेला मजकूर घेतो, त्यामुळे डिस्कचं किंवा टेबलस्पेसचं एन्क्रिप्शन डंपमध्ये उतरत नाही. मी ती फाइल उघडून शोधाच्या चौकटीत माझा मोबाईल नंबर टाकला. दोन वर्षांपूर्वी आईच्या तपासण्या मी माझ्या नंबरावर नोंदवल्या होत्या. तिचं नाव, वय आणि बायोप्सीचा निकाल एका ओळीत समोर आला. हा निकाल आम्ही घरातसुद्धा दोघांनाच सांगितला होता. बिलिंगच्या कॉम्प्युटरला पासवर्ड नव्हता.

तुमचं सॉफ्टवेअर किती लॅबमध्ये चालतं ते तुम्ही लिहिलेलं नाही, पण त्या प्रत्येक ठिकाणी रात्रीचा डंप कुठे पडतो आणि तिथून कुठे जातो, हे या आठवड्यात एकदा विचाराल का? ईसीबीतून जीसीएमवर जायची स्क्रिप्ट मी रविवारपर्यंत इथेच टाकते. ती चालवण्याआधी तुमच्याकडच्या प्रतीवर ‘ग्रुप बाय’ची ती मोजणी करा आणि किती ओळी आल्या ते खाली लिहा.