‘हिशेब येत नाही, मग बजेट कशाला?’ : एका फिरत्या दाव्याचा प्रतिवाद

अमेरिकेतल्या कॅलिफोर्नियात एक योजना आहे : ऑटिझमसारखं विकासात्मक दिव्यांगत्व असलेल्या व्यक्तीच्या सेवांसाठी सरकारी बजेट ठरतं आणि ते कशावर लावायचं हे ती स्वतः ठरवते. सेल्फ-डिटर्मिनेशन प्रोग्राम नावाच्या या योजनेबद्दल एक दावा सतत पुढे ढकलला जातो. त्याचं म्हणणं थोडक्यात असं : ज्यांना सुटे पैसे मोजता येत नाहीत, अशा माणसांच्या हाती सरकारने हजारो डॉलर दिले, ते घरचेच खातात, खर्चाला धरबंध उरत नाही आणि अनुभवी संस्था मोडीत निघतात. ऑटिझम, सेरेब्रल पाल्सी, बौद्धिक अक्षमता असलेल्या माणसांच्या रोजच्या जगण्याशी याचा थेट संबंध आहे, म्हणून एकेक मुद्दा घेऊ.

‘पैसे हातात पडतात.’ पडत नाहीत. या योजनेत वित्तीय व्यवस्थापन संस्था घेणं सक्तीचं आहे. मदतनिसाने किती तास काम केलं याची नोंद तिच्याकडे जाते, ती मंजूर खर्च-आराखड्याशी पडताळते, कर कापते आणि पगार देते. बजेटची रक्कम दिव्यांग व्यक्तीच्या किंवा आईवडिलांच्या खात्यात जमा होत नाही, आणि वर्षअखेर उरलेला पैसा कुणाच्या खिशातही जात नाही. योजनेत मेडिकेडचा, म्हणजे कमी उत्पन्नाच्या आणि दिव्यांग लोकांसाठीच्या सरकारी आरोग्य योजनेचा, पैसा आहे, त्यामुळे घरभाडं आणि किराणा त्यातून भागवता येत नाही. अल्पवयीन मुलाच्या आईवडिलांना, एरवी पालक म्हणून जे करायचंच असतं त्यासाठी, मेडिकेडचे नियम पगार देऊ देत नाहीत. प्रत्यक्ष अंगावरची कामं करणाऱ्या मदतनिसाची गुन्हेगारी पार्श्वभूमीही तपासली जाते.

‘ज्याला हिशेब येत नाही तो निर्णय काय घेणार?’ या वाक्याचा मला मनापासून राग येतो, कारण ते ऐकायला समंजस वाटतं. सकाळी मला आंघोळ कोणी घालायची? दिवसभर एका हॉलमध्ये बसवून ठेवतात तिथे जायचं, की वाचनालयात काम शिकायचं? या प्रश्नांना बेरीज-वजाबाकी लागत नाही. न बोलणारा माणूससुद्धा एका मदतनिसाला पाहून हात पुढे करतो आणि दुसऱ्याला पाहून अंग आखडून घेतो. ते उत्तरच आहे. फक्त ते उत्तर म्हणून ऐकणारं कुणीतरी लागतं. त्यासाठीच योजनेत स्वतंत्र फॅसिलिटेटर, म्हणजे नियोजनात मदत करणारा माणूस, घेता येतो, घरचे आणि मित्र नियोजनाच्या बैठकीला बसू शकतात. अशा आधाराने घेतलेल्या निर्णयाला टेक्सासने 2015 मध्ये कायद्यात जागा दिली, कॅलिफोर्नियाने 2022 मध्ये. बाकी आपल्यापैकी किती जण स्वतःचा आयकर स्वतः भरतात? त्यावरून आपला जगण्याचा हक्क कुणी काढून घेत नाही.

आणि हा विचार काल-परवाचाही नाही. अमेरिकेतल्याच न्यू हॅम्पशायर राज्याने 1991 मध्ये लॅकोनियाची, दिव्यांगांना ठेवण्याची मोठी सरकारी संस्था बंद केली. त्याच राज्याच्या मोनॅडनॉक भागात 1993 च्या सुमारास रॉबर्ट वुड जॉन्सन फाउंडेशन या खासगी देणगीदार संस्थेच्या मदतीने वैयक्तिक बजेटचा प्रयोग सुरू झाला, तो विकासात्मक दिव्यांगत्व असलेल्या माणसांबरोबरच. ज्यांना ‘हे जमणार नाही’ असं आज सांगितलं जातं, त्यांच्यापासूनच याची सुरुवात आहे.

‘खर्च हाताबाहेर जातो.’ कॅलिफोर्नियात बजेटचा पाया म्हणजे त्या व्यक्तीच्या सेवांवर रीजनल सेंटरने, म्हणजे या सेवांची व्यवस्था करणाऱ्या त्या भागातल्या केंद्राने, मागच्या 12 महिन्यांत केलेला खर्च. परिस्थिती बदलली असेल किंवा एखादी गरज भागलीच नसेल, तर त्यात फेरफार होतो. म्हणजे पैसा बराचसा तोच, तो कशावर लावायचा हे ठरवणारा माणूस बदलतो. याची कसून परीक्षाही झाली आहे. अर्कान्सा, न्यू जर्सी आणि फ्लोरिडा या राज्यांत 1990 च्या दशकाच्या अखेरीस ‘कॅश अँड काउन्सेलिंग’ प्रयोग सुरू झाला. लोकांना यादृच्छिक पद्धतीने, चिठ्ठ्या टाकल्यासारखं, दोन गटांत विभागलं होतं : एक स्वतः बजेट चालवणारा, दुसरा नेहमीच्या पद्धतीने सेवा घेणारा; आणि फ्लोरिडात विकासात्मक दिव्यांगत्व असलेली मुलंही होती. बजेट स्वतः चालवणाऱ्यांचं समाधान जास्त आढळलं, न भागलेल्या गरजा कमी आढळल्या आणि तब्येतीच्या तक्रारी वाढल्या नाहीत. वैयक्तिक सेवेवरचा खर्च मात्र वाढला, हे लपवायचं कारण नाही. पण तो मुख्यतः का वाढला? कारण नेहमीच्या पद्धतीतल्या लोकांना मंजूर झालेले तासच पुरते मिळत नव्हते. मदतनीस न आल्यामुळे जो पैसा वाचतो, त्याला मी बचत म्हणणार नाही.

‘संस्था मोडीत निघतात.’ पसंत असलेल्या संस्थेची सेवा याच बजेटमधून घेता येते, आणि हे नको वाटलं तर जुन्या पद्धतीत परतही जाता येतं.

खरा दोष आहे तो वेगळाच, आणि दावा पसरवणाऱ्यांचं तिकडे लक्षच नाही. पाया मागच्या वर्षीच्या खर्चाचा असेल, तर ज्या कुटुंबाला इंग्रजीच्या अडचणीमुळे किंवा माहितीअभावी कधी काही मिळालंच नाही, त्याचं बजेटही तुटपुंजंच निघतं. कागदपत्रांचा भार मोठा आहे. संध्याकाळच्या बैठकांना वेळ काढू शकणारं, ईमेलमागून ईमेल लिहिणारं घर पुढे जातं आणि दोन पाळ्यांत काम करणारं मागे राहतं. योजनेचा कायदा 2013 चा, केंद्राची मंजुरी 2018 ची, आणि ती सर्वांसाठी खुली झाली 1 जुलै 2021 ला. इतकी वर्षं वाट पाहिल्यावर या अडथळ्यांवर बोलायला हवं.

ज्यांच्या घरी हा विचार चालू आहे त्यांना एवढंच सांगते : बजेटचा आकडा ठरण्याआधी, जी सेवा मागितली पण मिळाली नाही आणि जी मागता येते हेच माहीत नव्हतं, ती प्रत्येक ‘न भागलेली गरज’ म्हणून त्या व्यक्तीच्या सेवांच्या वैयक्तिक आराखड्यात लेखी नोंदवून घ्या. नकार मिळाला तर तोही लेखी मागा, कारण त्यावर अपील करता येतं.