चष्मा प्रत्येकाला असतो, पण म्हणून सगळी मतं सारखी नसतात

कोकणात मोबाईलवर सध्या एक मेसेज फिरतोय. त्याचा मथितार्थ असा: ‘सगळं ज्ञान पूर्वग्रहाने वाकलेलं असतं. ज्याचा त्याचा चष्मा. म्हणून शास्त्रज्ञाचा आकडा आणि माझं मत यांची किंमत एकच. आपल्या दर्शनांनीही, म्हणजे जुन्या तत्त्वज्ञान-परंपरांनीही, हेच सांगितलंय.’ मासळी घटल्याचा विषय निघाला की हाच मेसेज तोंडावर फेकला जातो, म्हणून उत्तर देणं भाग आहे.

चष्मा प्रत्येकाला असतो, हे मला पूर्ण मान्य. खगोलशास्त्रज्ञ आर्थर एडिंग्टन यांनी यासाठी जाळ्याचंच उदाहरण दिलं होतं. दोन इंच आसाचं, म्हणजे दोन इंच भोकांचं, जाळं टाकणारा म्हणेल, समुद्रात दोन इंचांहून लहान जीवच नाहीत. पण आस मोजता येते की! ती कळली की काय निसटलं असेल ते सांगता येतं, बारीक आसाचं जाळं टाकून पडताळताही येतं. ज्ञानात दोष असणं वेगळं आणि तो कधीच न सापडणं वेगळं.

आता ‘आकडा आणि मत सारखंच’ याबद्दल. केंद्रीय सागरी मत्स्यिकी संशोधन संस्थेची माणसं बंदरावर उतरलेल्या मासळीचे नमुने घेऊन अंदाज बांधतात. जी मासळी समुद्रातच फेकून दिली, ती त्यात येत नाही. दोष खराच, पण तो कुठल्या बाजूला झुकतो ते ठाऊक आहे: जाळ्यात आलेली मासळी आकड्यात कमी दिसते. आठवणीचा झुकाव मात्र आपला आपल्याला दिसत नाही. मत्स्यशास्त्रज्ञ डॅनियल पॉली यांनी 1995 मध्ये लिहिलं की मत्स्यशास्त्रज्ञांची प्रत्येक पिढी आपण कामाला लागलो तेव्हाचा साठा हाच मूळ साठा धरून चालते. हा दोष त्यांनी स्वतःच्याच बिरादरीत दाखवला, हे मला फार मोलाचं वाटतं. पुढे मच्छीमारांमध्येही तेच आढळलं. हर्णैच्या लिलावात तरण्या पोराला जी सुरमई ‘बरी मोठी’ वाटते, ती त्याच्या आजोबांनी लहान म्हणून बाजूला काढली असती. पोरगा खोटं बोलत नाही. पण त्याचं ‘बरी मोठी’ आणि वर्षानुवर्षांची नोंद एकाच तागडीत घातली, तर घसरण दिसणार कुणाला?

याचा अर्थ म्हाताऱ्यांचं ज्ञान टाकायचं, असा मुळीच नाही. तिथीला तिनाने गुणा, चाराने भागा, भरतीची वेळ अंदाजे मिळते. अष्टमीला सहाच्या सुमारास. छापील तक्ता वेगळ्या वाटेने जवळपास तिथेच पोचतो, बंदरागणिक फरक पडतो तोही तपासता येतो. खाडीच्या तोंडाशी गाळ असताना होडी आत घेणारा तांडेल ‘ज्याची त्याची भरती’ म्हणत नाही.

राहिली दर्शनं. जैनांचा अनेकांतवाद म्हणतो की प्रत्येक विधान एका विशिष्ट बाजूने खरं असतं. ती बाजू सांगायची जबाबदारीही तो आपल्यावर टाकतो. कुठलंही विधान चालेल, असं तो म्हणत नाही. न्यायदर्शनात तर शिंपल्याला रुपं, म्हणजे चांदी, समजण्याचा दृष्टांत प्रसिद्ध आहे. जवळ जाऊन उचललं की शिंपला कळतो, म्हणजे पहिलं ज्ञान दुसऱ्या, अधिक भक्कम ज्ञानाने खोडलं जातं. सगळंच ज्ञान सारखं वाकडं असतं, तर हे खोडणं घडलंच नसतं.

तेव्हा मेसेज पाठवणाऱ्यांनी नेमकं सांगावं: मासळीच्या आकड्यात दोष कुठल्या बंदरावर आहे, कुठल्या जातीच्या मोजणीत आहे? तो दाखवलात तर आकडा बदलून घ्यायला मी तुमच्यासोबत भांडायला येईन.