लढाई त्यांची, मोने तुमचा

तुम्हाला आधुनिक फ्रेंच चित्रांचा संग्रह करायचा आहे ना? मग नजर तयार करा, प्रदर्शने पालथी घाला वगैरे सल्ल्यांकडे साफ दुर्लक्ष करा. आधी एक महायुद्ध गाठा. आणि कृपा करून त्यात पडू नका. दोघांच्या भांडणात तिसऱ्याचा लाभ, हे आपण शाळेत घोकले. 1914 नंतर डेन्मार्कने ते करून दाखवले. देश तटस्थ, त्यामुळे जहाजांची भाडी चढली, शेअर चढले, मांसाचे डबेही चढले. जर्मनीला डबाबंद गुलाश, म्हणजे मांसाचा रस्सा, विकून गब्बर झालेल्यांना तिथले लोक ‘गुलाश बॅरन’ म्हणत. डब्यांचा वास नको असेल तर विमा विका. सभ्य धंदा आहे.

कोपनहेगनचे विल्हेम हान्सन हे असेच विम्यातले बडे प्रस्थ. 1916 मध्ये त्यांनी पॅरिसहून बायकोला, म्हणजे हेनीला, पत्र लिहिले: सिस्ले, पिसारो, मोने, रेन्वार वगैरेंची चित्रे घेतली आहेत, पाहशील तेव्हा माफ करशील. यातला क्रम नीट लक्षात घ्या. आधी खरेदी, मग कबुली, आणि तीही परदेशातून.

पॅरिसचीच वेळ का साधायची? जर्मन ग्राहक शत्रू झालेले, उरलेल्यांचे लक्ष आघाडीकडे. मार्च 1918 मध्ये चित्रकार देगाच्या संग्रहाचा लिलाव झाला, तेव्हा जर्मनांची लांब पल्ल्याची तोफ शहरावर गोळे टाकत होती. तोफ म्हणजे सवलतीची दवंडीच समजा. अर्थतज्ज्ञ केन्स यांनी ब्रिटिश तिजोरीतून लंडनच्या नॅशनल गॅलरीसाठी 20,000 पौंड मंजूर करून आणले. गॅलरीचे संचालक चार्ल्स होम्स ओळख लपवण्यासाठी मिशा काढून लिलावाला बसले. एवढे करून त्यांनी सेझानचे चित्र घेतले नाहीच, पैसेही शिल्लक ठेवून परतले. सेझानचे सफरचंदांचे चित्र केन्सनी स्वतःच्या खिशातून घेतले. सरकारी माणसाला मिशांपेक्षा हिंमत काढून ठेवायला कमी वेळ लागतो, दुसरे काय.

हान्सन यांच्या अंगात हिंमत होती. एकट्याची थैली पुरेना, तेव्हा 1918 मध्ये त्यांनी भागीदार जमवून अख्खे संग्रह घाऊक भावात उचलले. कोपनहेगनजवळ ऑर्ड्रुपगार्ड हा बंगला बांधला, त्याला दालन जोडले, लोकांना आत बोलावले. फक्त एक बारीकशी गोष्ट राहिली: युद्ध संपते. 1922 मध्ये लँडमन्सबँक ही देशातली सर्वांत मोठी बँक कोसळली आणि भागीदारीच्या कर्जाची वसुली दारात आली. 82 फ्रेंच चित्रे विकावी लागली. तेव्हा दुसऱ्या युद्धाची खात्री असल्याशिवाय उधारीवर सेझान घेऊ नका.

ही चित्रे गेली कुठे? त्यांतली तीसहून अधिक घेतली कोबेच्या मात्सुकाता कोजिरो यांनी. त्यांच्या कारखान्याचे नाव कावासाकी गोदी. जर्मन पाणबुड्या जहाजे बुडवणार, तर नवी लागणार, हा हिशोब त्यांनी इतका पक्का केला होता की ऑर्डर येण्याआधीच ते जहाजे बांधून ठेवत. लंडनमध्ये बसून तीच जहाजे विकली आणि मग जहाजांच्याच प्रमाणात चित्रे घेतली. झिव्हर्नीला जाऊन थेट मोनेच्या घरातून मोने उचलले. टोकियोत संग्रहालय काढायचे, जपानी चित्रकारांना अस्सल माल बघायला मिळाला पाहिजे, हा हेतू खरा होता. म्हणूनच तर पुढचे वाचून हसू येत नाही.

1924 मध्ये जपानने चैनीच्या आयातीवर शंभर टक्के कर लावला. 1927 मध्ये आर्थिक संकटात गोदी बुडाली आणि मायदेशी आलेली चित्रे विकली गेली. लंडनच्या गोदामातली 1939 च्या आगीत जळाली. पॅरिसमधली पुढच्या महायुद्धात फ्रान्सने शत्रूची मालमत्ता म्हणून ताब्यात घेतली. म्हणजे एका युद्धाने दिले ते दुसऱ्याने जप्त केले. 1959 मध्ये बरीचशी टोकियोला गेली, ल कोर्बुझिएने आराखडा केलेल्या नव्या संग्रहालयात. व्हॅन गॉगचे आर्लमधल्या निजायच्या खोलीचे चित्र मात्र फ्रान्सने ठेवून घेतले. मोनेचे वॉटर लिलीजचे एक भले मोठे चित्र 2016 मध्ये लूव्रमध्ये सापडले, तेव्हा त्याचा वरचा अर्धा भाग नाहीसा झालेला होता. सगळा माल एका गोदामात ठेवू नका, तीनमध्ये ठेवा, म्हणजे तीन तऱ्हांनी जाईल.

तुम्हाला नुकसान सोसवत नसेल तर झुरिचचे एमिल ब्यूर्ले यांचा आदर्श घ्या. डबे नाहीत, विमा नाही, थेट विमानविरोधी तोफा. त्यांच्या ओर्लिकॉन कारखान्याने आधी फ्रान्स-ब्रिटनला माल दिला, 1940 नंतर जर्मनी-इटलीला. युद्धानंतर त्यांच्या संग्रहातली 13 चित्रे नाझींच्या लुटीतली निघाली. न्यायालयाने सांगितले, परत करा. त्यांनी केली, आणि त्यांतली 9 मूळ मालकांकडून पुन्हा विकत घेतली. पैसा मुबलक असला की सचोटीसुद्धा परवडते.

2021 पासून हा संग्रह झुरिचच्या कुन्स्टहाउस या कलासंग्रहालयाच्या नव्या इमारतीत आहे आणि तेव्हापासून लोक पैशाचा उगम विचारत आहेत. तुमच्या नावाच्या दालनातही विचारतील. चिडू नका. कागदपत्रांची एक खोली करा, हिशोबाचे कागद काचेखाली मांडा, आणि ती खोली सगळ्यात शेवटी ठेवा. तोवर बघणाऱ्याचे पाय दुखायला लागलेले असतात.