पोर्क चॉपला सहा शिट्ट्या कशाला?

नाताळ जवळ आला की जळगाव, भुसावळ, धुळ्याकडच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर पोर्कबद्दलचा एक मेसेज हमखास फिरतो. मेसेज लांबलचक आहे, पण सांगणं एवढंच: डुकराच्या मांसात जंत असतात, ते खाल्ले की मेंदूत जातात, म्हणून चॉप कुकरला लावून सहा शिट्ट्या काढायच्याच. मग मोठ्या आचेवर परतून त्याची ‘भोकं बंद’ करायची, म्हणजे रस आत राहतो. काळा मसाला आदल्या रात्री चोळला तर तो हाडापर्यंत मुरतो. सोबतचा बटाटा क्रीम घालून मिक्सरमध्ये फिरवायचा. आणि शेवटी, घरात ओव्हन नसेल तर या फंदात पडू नका, हे खान्देशातल्या स्वयंपाकघराचं काम नाही.

ज्यांच्या घरात पोर्क चालत नाही त्यांना मी काहीच सांगत नाही, तो ज्याच्या त्याच्या घरचा विषय आहे. पण ज्यांच्या घरात ते शिजतं, त्यांचं या मेसेजमुळे दुहेरी नुकसान होतं. पैसे मोजून आणलेलं मांस वाया जातं, आणि खऱ्या धोक्याकडे लक्षच जात नाही. मला हे दुसरं नुकसान जास्त लागतं, म्हणून आधी जंताचंच बोलतो.

जंत खरा आहे. मेसेजमध्ये त्याची वाट चुकीची सांगितली आहे. टीनिया सोलियम नावाच्या टेपवर्मच्या अळ्या डुकराच्या मांसात गाठी करून बसतात. असं मांस अर्धकच्चं खाल्लं तर अळीचा जंत होतो तो आतड्यात, मेंदूत नाही. मेंदूत गाठी होतात त्या या जंताची अंडी पोटात गेल्यामुळे. आणि अंडी मांसात नसतात. ज्या माणसाच्या आतड्यात जंत आहे त्याच्या विष्ठेतून ती बाहेर पडतात. उघड्यावरची शौच, मैलापाण्यावर वाढवलेली कोथिंबीर नि पालक, नीट न धुतलेले हात, या वाटेने ती दुसऱ्याच्या तोंडात जातात. जन्मात मांसाला न शिवलेल्या माणसाच्या मेंदूतही ही गाठ सापडते, ती यामुळेच. जागतिक आरोग्य संघटनेच्या मते, ज्या भागांत हा जंत कायमचा ठाण मांडून आहे तिथे मिरगीच्या साधारण ३० टक्के रुग्णांच्या आजाराशी त्याचा संबंध असतो.

आपल्याकडे अजूनही फिट आली की कांदा नाहीतर चप्पल हुंगवतात. त्यात हा मेसेज वाचलेला कुणीतरी त्या माणसाच्या तोंडावर म्हणतो, ‘डुक्कर खाल्लं असशील.’ आजारी माणसाला असं हिणवणं वाईट, आणि शास्त्राच्या दृष्टीने ते चूकही आहे. मेंदूतल्या गाठीपासून वाचायचं असेल तर संडास वापरा, शौचाहून आल्यावर आणि जेवणाआधी साबणाने हात धुवा, कच्ची खायची पालेभाजी वाहत्या पाण्याखाली चोळून धुवा. हे शाकाहारी घरालाही तितकंच लागू आहे. कुकरच्या शिट्ट्यांनी त्यातलं काहीच साधत नाही.

आता मांसातल्या गाठींचं. त्या उष्णतेने मरतात, आणि त्यासाठी तासभर शिजवावं लागत नाही. अमेरिकेच्या कृषी खात्याने २०११ साली अख्ख्या तुकड्यांसाठी, म्हणजे चॉपसारख्या कापांसाठी, आधीची ७१ अंश सेल्सिअसची मर्यादा ६३ अंशांवर आणली. मधोमध ६३ अंश झाले की आचेवरून काढून ३ मिनिटं तसंच ठेवायचं, एवढीच अट. खिम्याला मात्र ७१च, कारण दळताना बाहेरचं सगळं आत मिसळतं. कुकर शिट्टीवर आला की आत १२० अंशांच्या आसपास तापमान असतं, म्हणजे गरजेच्या जवळजवळ दुप्पट.

पण इथे एक गोष्ट ठासून सांगायला हवी. हे ६३ अंश बंदिस्त फार्मवर वाढवलेल्या आणि कापताना तपासलेल्या डुकराच्या मांसासाठी आहेत. उकिरड्यावर मोकाट फिरणाऱ्या डुकराचं मांस चॉपसाठी घेऊच नका. मांस कुठून आलं याची खात्री नसेल तर आतपर्यंत ७१ अंशांच्या पुढे शिजवा. कापात वाटाण्याहून लहान, पांढुरक्या, पाणी भरलेल्या गाठी दिसल्या तर दुकानदार काहीही म्हणो, ते मांस परत करा. डीप फ्रीझरमध्ये उणे १८ अंशांना आठवडाभर पक्कं गोठलेलं राहिलं तरी या अळ्या मरतात. फक्त आपल्याकडे लाइट तासन् तास जाते, तेव्हा मांसाचा बर्फ मधेच वितळला नाही ना हे पाहा. आणि आतला गुलाबी रंग पाहून कच्चं-शिजलेलं ठरवू नका. ६३ अंशांना शिजलेला चॉप किंचित गुलाबी राहू शकतो, आणि कधी कधी न शिजलेलं मांसही करडं दिसतं. थर्मामीटरची सुई बाजूने मध्यापर्यंत घालायची, हाडाला लागू द्यायची नाही.

सहा शिट्ट्यांनी चॉपचं काय होतं हेही बघा. चॉप म्हणजे पाठीच्या कण्यालगतचा काप. जनावराच्या त्या स्नायूला फारसं काम नसतं, त्यामुळे त्यात स्नायू जोडणारे चिवट धागे कमी आणि आतली चरबीही थोडी. खांद्याच्या मांसात असे धागे भरपूर असतात. ते मंद आचेवर तासा-दोन तासांत विरघळतात आणि रस्सा दाट, चिकट होतो. तिथे कुकर शोभतो. चॉपमध्ये विरघळायला काही नाही. ६५-७० अंशांच्या पुढे त्यातली प्रथिनं आवळतात आणि पाणी बाहेर पिळून टाकतात. कुकर उघडाल तर तळाशी ते सगळं पाणी साठलेलं असतं आणि वर धुतलेल्या सुतळीसारखा करडा, धाग्याधाग्यांचा तुकडा. मग लोक म्हणतात, पोर्क कोरडंच असतं.

‘भोकं बंद’ करण्याचं आता. मोठ्या आचेवर मांस भाजलं की वर कवच धरतं आणि रस कोंडला जातो, ही कल्पना जर्मन रसायनशास्त्रज्ञ युस्टुस फॉन लीबिग यांनी १८४७च्या सुमारास मांडली आणि ती जगभरच्या स्वयंपाकघरांत शिरली. पण ती खरी नाही. तव्यावर चॉप टाकल्यावर जो चर्र आवाज चालू राहतो, तो रस बाहेर येऊन वाफ होत असल्याचाच आवाज आहे. भाजलेला चॉप ताटलीत ठेवा, दोन मिनिटांत खाली रस जमतो. कवच बंद असतं तर तो आला कुठून?

तरीही मोठी आच हवीच, पण ती चवीसाठी. साधारण १४० अंशांच्या पुढे मांसातली प्रथिनं आणि शर्करा यांची जी क्रिया वेगाने होते, तिच्यातून तो तांबूस रंग आणि भाजल्याचा वास येतो. फ्रेंच शास्त्रज्ञ लुई कामिय मायार यांनी ती १९१२ साली मांडली. आता पाणी १०० अंशांना उकळतं, म्हणजे पृष्ठभागावर ओल आहे तोवर मांस भाजत नाही, वाफवतं. सगळा कारभार या ओलीवर आहे. म्हणून चॉप फडक्याने टिपून कोरडा करा. मेसेज सांगतो तसं आधी उकडून ओलं झालेलं मांस तव्यावर कितीही परतलं तरी त्याला तो रंग येत नाही.

मसाला हाडापर्यंत मुरतो, हाही गैरसमजच. मीठ मांसात खोलवर जातं. मिरची, धने, दगडफूल, खोबरं यांचा वास मात्र रात्रभर ठेवलं तरी वरच्या काही मिलिमीटरांतच राहतो. शिवाय काळ्या मसाल्याचा ओला थर लावून चॉप तापल्या तव्यावर टाकला की मांस भाजायच्या आत मसाला करपतो, आणि करपलेल्या खोबऱ्याचा कडूपणा झाकायला मग काहीही पुरत नाही. आदल्या रात्री लावायचं ते फक्त मीठ, किलोला १२ ते १५ ग्रॅम, आणि चॉप उघडाच फ्रिजमध्ये ठेवायचा. मीठ आत जातं, वरचं कातडं कोरडं होतं, दोन्ही कामं होतात. मसाल्याची जागा वरच्या टॉपिंगमध्ये आहे, त्याकडे येतोच.

बटाटा. इथे मला खरंच आश्चर्य वाटतं, कारण जो प्रदेश भरताची वांगी लाकडी बडगीत मुसळाने ठेचतो आणि भरीत मिक्सरला लावू देत नाही, त्यालाच हा मेसेज बटाटा मिक्सरमध्ये घालायला सांगतो. उकडलेल्या बटाट्याच्या पेशी फुगलेल्या स्टार्चने भरलेल्या असतात. मिक्सरचं पातं त्या चिरतं, स्टार्च बाहेर सांडतो आणि भांड्यात खळ तयार होते. एकदा ती झाली की कितीही क्रीम ओता, चिकटपणा जात नाही. आपल्या घरात याला उत्तम यंत्र आहे, पुरणयंत्र. किलोभर बटाटे सोलून सारख्या फोडी करा, गार मीठपाण्यात घालून उकडा, सुरी सहज गेली की पाणी पूर्ण काढा आणि त्याच पातेल्यात मंद आचेवर मिनिटभर हलवत वाफ जाऊ द्या. गरम असतानाच पुरणयंत्रातून काढा. आधी १०० ग्रॅम लोणी घालून हलवा, मग पाव लिटरच्या आसपास कढत दूध थोडं थोडं. लोणी आधी, दूध नंतर. हा क्रम पाळला तर बटाटा मऊ, रेशमी होतो.

क्रीमची गरज नाही. पाकिटातल्या फ्रेश क्रीममध्ये स्निग्धांश २५ टक्क्यांच्या आसपास, लोण्यात ८०. म्हशीच्या दुधावरची साय घरात असेल तर तीही घाला. बटाटा पिठूळ निवडा. शीतगृहातून आलेला गोडसर बटाटा या कामाला चांगला नाही.

राहिला ओव्हन. बिडाचा जाड तवा पुरतो. चॉप इंचभर जाडीचे कापून घ्या. पातळ काप आतून कोरडा पडल्याशिवाय बाहेरून भाजला जात नाही. तवा चांगला तापवा, थोडं तेल घाला, आधी चरबीची कड तव्याला टेकवून उभा धरा म्हणजे ती वितळते, मग आडवा टाका आणि मिनिटा-मिनिटाला उलटत राहा. सुई ६० दाखवू लागली की चॉप ताटलीत काढा. आतली उष्णता त्याला ६३वर नेते. पोचला का हे सुईवर पाहा आणि मग ३ मिनिटं थांबा. नाहीच पोचला तर परत तव्यावर.

तोवर त्याच तव्यात टॉपिंग होतं, आणि यात खान्देशाने कुणाकडून काही मागून आणायची गरज नाही. मांसाचं जे तांबूस तव्याला धरलेलं असतं त्यातच उभा चिरलेला कांदा घाला, मंद आचेवर चांगला तांबूस होऊ द्या. मग ठेचलेला लसूण, भाजून भरडलेले शेंगदाणे, चमचाभर काळा मसाला. मसाला तेलात खमंग वास सोडू लागला की लगेच अर्धी वाटी पाणी घालून तळ खरवडा. चरबीवर आंबटपणा हवाच, त्यासाठी धडगावकडचं आमचूर चिमूटभर. हे दाटसर मिश्रण चॉपवर घाला, कांद्याची पात भुरभुरा. बटाटा लोण्याने सौम्य असतो, त्यामुळे हा तिखटपणा त्याच्यासोबत छान बसतो. मला तरी बाटलीतल्या सॉसपेक्षा हे कितीतरी सरस वाटतं.

मेसेजमध्ये एका गोष्टीचा उल्लेखही नाही, आणि आपल्या हवेत तीच सगळ्यात आधी सांगायला हवी होती. शिजलेलं मांस बाहेर दोन तासांवर ठेवू नये, आणि हवा ३२ अंशांच्या वर असेल तर एका तासाच्या वर नाही. जळगाव-भुसावळचा मे महिना ४५ अंशांना टेकतो, तिथे ओट्यावर झाकून ठेवलेला चॉप संध्याकाळी खाणं धोक्याचं आहे. उरला तर तासाभरात फ्रिजमध्ये टाका, आणि दुसऱ्या दिवशी खाताना आतपर्यंत ७४ अंश तापवा. तेव्हा तो थोडा कोरडा होणार. बारीक कापून उरलेल्या टॉपिंगमध्ये परता आणि भाकरीबरोबर खा.