आपोआप स्वच्छ राहणारी गेकोची पेटी : एका दाव्याचा प्रतिवाद

क्रेस्टेड गेको ही पालीसारखी दिसणारी सरडेवर्गीय जात पाळणाऱ्यांमध्ये एक दावा सध्या सर्रास फिरतो. काचेच्या पेटीत माती, पालापाचोळा आणि जिवंत झाडे ठेवून त्यांत स्प्रिंगटेल व आयसोपॉड हे बारीक जीव सोडले, की ते सगळी घाण खातात, रोगजंतू उरत नाहीत आणि मालकाला पुढे वर्षानुवर्षे हात लावावा लागत नाही, असे सांगितले जाते. दाव्यात थोडे तथ्य आहे, म्हणूनच तो चटकन पटतो.

सगळी घाण खाल्ली जाते, हे प्रथम पाहू. स्प्रिंगटेल बुरशीवर जगतात, आयसोपॉड कुजकी पाने, लाकूड आणि मातीवर पडलेली विष्ठा खातात; इथपर्यंत ठीक. पण न्यू कॅलेडोनिया या प्रशांत महासागरातील बेटांवरचा हा गेको, जो नामशेष झाला असे मानले जात असताना १९९४ मध्ये पुन्हा सापडला, झाडाझुडपांत राहणारा आहे आणि त्याची बरीचशी विष्ठा काचेवर, पानांवर व सालीवर पडते. तिच्यातला पांढरा भाग वाळला की चुन्याच्या ठिपक्यासारखा काचेला घट्ट चिकटतो आणि मातीतले जीव तो काढायला वर येत नाहीत. कोमट पाण्यात भिजवलेले फडके त्यावर थोडा वेळ दाबून धरावे आणि मगच पुसावे. फांदीवरच्या वाटीतले फळांच्या पावडरीचे कालवलेले खाद्यही दुसऱ्या दिवशी काढून वाटी घासावी; दमट हवेत त्यावर बुरशी धरते आणि चिलटे घोंगावू लागतात.

रोगजंतू उरत नाहीत, हा भाग मात्र निव्वळ चुकीचा आणि धोकादायक आहे. साल्मोनेला हे माणसालाही आजारी पाडणारे जंतू धडधाकट दिसणाऱ्या सरपटणाऱ्या प्राण्यांच्याही आतड्यात असू शकतात आणि विष्ठा किड्यांनी खाल्ली म्हणून पेटी निर्जंतुक होत नाही. म्हणूनच पाच वर्षांखालील मुले असलेल्या घरात असे प्राणी न पाळण्याचा सल्ला दिला जातो. पेटीतल्या वाट्या स्वयंपाकघराच्या सिंकमध्ये धुऊ नयेत. क्रिप्टोस्पोरिडियम हा आतड्यातला सूक्ष्म परजीवी तर नेहमीच्या ब्लीचलाही दाद देत नाही. तो अशा पेटीत शिरला, तर माती आणि झाडे टाकून देण्यावाचून गत्यंतर नसते. त्यामुळे नवा गेको आधी वेगळ्या पेटीत साध्या टिशू पेपरवर ठेवावा. तिथे विष्ठा स्पष्ट दिसते आणि पशुवैद्याकडे तपासायला देता येते.

हात लावावाच लागत नाही, हेही खरे नाही. पालापाचोळा संपला, की आयसोपॉड उपाशी मरतात, म्हणून तो अधूनमधून घालावा लागतो. किडे जगावेत म्हणून पेटी सतत चिंब ठेवणारे तर गेकोचेच नुकसान करतात : रात्री फवारणीनंतर आर्द्रता ७०–८० टक्क्यांवर जावी आणि दिवसा ती ५० च्या आसपास उतरावी, तळाशी पाणी साचू नये. मातीला सडक्या अंड्यासारखा वास येऊ लागला, तर खाली पाणी तुंबले आहे असे समजावे.

दुसऱ्या टोकाला जाऊन पेटी फिनाइलने धुणेही तितकेच वाईट, कारण फिनॉल आणि पाइन तेल सरपटणाऱ्या प्राण्यांना विषारी ठरते. वाट्यांसाठी आधी साबण, मग पातळ केलेले ब्लीच दहा मिनिटे, त्यानंतर भरपूर पाण्याने धुणे आणि वास जाईपर्यंत वाळवणे पुरेसे आहे.