भिंतीला अक्कल फुटावी म्हणून

उद्याचं स्मार्ट घर बांधताय ना? मग भिंत नुसती उभी राहून चालणार नाही. तिला माहिती हवी, मत हवं आणि अधूनमधून अपडेट हवा.

सेन्सर थेट प्लॅस्टरमध्ये गाडा, बॅटरीवाले. पुढच्या वायरिंगसाठी मोकळा पाइप आणि त्यात ओढदोरी वगैरे ठेवणं हा भित्र्यांचा उद्योग. काँक्रीट पन्नास वर्षं टिकतं, नाण्याएवढा सेल दोन-तीन. म्हणजे फोडाफोडीचा मुहूर्त आत्ताच काढून ठेवता येतो.

स्विचबोर्डात न्यूट्रल वायर, म्हणजे वीज परत नेणारी तार, नेऊ नका. साध्या स्विचला ती लागत नाही, मग स्मार्टला कशाला? त्याला जागं राहायला थोडी वीज लागते, न्यूट्रल नसेल तर ती तो दिव्यातूनच ओढतो. मग बंद केलेला एलईडी रात्रभर मिणमिणतो. पाहुण्यांना सांगा, 'मूड लाइटिंग' आहे.

दिवे पीआयआर सेन्सरवर, म्हणजे हालचाल टिपणाऱ्या सेन्सरवर सोडा आणि हालचाल थांबल्यावर दिवा विझायची वेळ एक मिनिट ठेवा. हा गडी माणूस ओळखत नाही, हलती उष्णता ओळखतो. शांत वाचत बसलात की त्याच्या लेखी तुम्ही फर्निचर. पंधरा मिनिटांची वेळ ठेवली तर त्रास जवळजवळ संपतो, पण मग सेन्सर बसवल्याचं चारचौघांना कळणार कसं?

इमारतीचं डिजिटल जुळं, म्हणजे संगणकातलं तिचं हुबेहूब मॉडेल, तर हवंच. बीम आडवा आला म्हणून प्लंबरने पाइप 150 मिमी सरकवला, तर ते मॉडेलात चढवू नका. मॉडेल मूळ नकाशाइतकं निष्कलंक राहिलं पाहिजे. पाइप खरोखर कुठे आहे ते ड्रिल मारणाऱ्याला कळेलच, ओल्या अंगाने.

हीटिंगचा कंट्रोलर फायरवॉलविना उघड्या इंटरनेटवर टाका. फिनलंडमधल्या लापेनरांतात 2016च्या नोव्हेंबरात दोन इमारतींचे कंट्रोलर बाहेरच्या हल्ल्यामुळे पुन्हापुन्हा रीस्टार्ट होत राहिले आणि उष्णता गेली. ऐन थंडीत! आणि हब, म्हणजे घरातली सगळी स्मार्ट उपकरणं जोडणारी डबी, असा घ्या, जो कंपनीच्या सर्व्हरशिवाय मुका. गुगलच्या मालकीच्या नेस्टने 2014मध्ये विकत घेतलेल्या रिव्हॉल्व्ह कंपनीचा हब मे 2016मध्ये असाच बंद झाला. डबी शाबूत, उपयोग शून्य.

राहिली कुलपं. चुंबकी कुलूप वीज गेली की उघडतं, ते मुख्य दाराला लावा. वीज गेली तरी बंदच राहणारं कुलूप आतूनही अडवेल असं बसवा, तेही आगीच्या जिन्याच्या दाराला. दोन्हीकडे बॅकअप बॅटरी नको. किल्लीचं भोक तर मुळीच नको, दर्शनी भाग विद्रूप दिसतो.